गढमाय

पळसवाडी, ता. पुसद
२५ नोव्हेंबर १९५६

चि. पंजाब,

कागदाच्या डोक्यावर हात सवयीनं 'श्री' काढायला गेला, तो अर्ध्यात थांबवून जय भीम लिहिते. शाळेच्या फळ्यावरही परवा असंच झालं. पोरं हसली, मग मीही हसले.

तू दिवाळीच्या सुट्टीत आलास आणि वावटळीसारखा निघून गेलास. तेव्हापासून माय तुझं नाव काढत नाही. आधी वाटलं, चार दिवसांचा राग आहे, जाईल. जेवतेखाते, वेचणीला जाते, शेजारणींशी बोलते, पण तुझा विषय निघाला की उठते. काल तुझं पत्र आलं, ते मी मोठ्यानं वाचायला घेतलं तर बाई शेण गोळा करायला निघाल्या. शेण आदल्याच दिवशी गोळा करून झालं होतं.

घरातले देव काढायचे हे ठरलेलंच होतं. नागपूरच्या मैदानावर आपण तिघांनी एका तोंडानं प्रतिज्ञा घेतल्या. खंडोबाचा टाक मी स्वतःच्या हातानं टोपलीत ठेवला, त्याचं मला काही वाटत नाही. पण गढमायला उचलण्याआधी मायला विचारायला हवं होतं. ती मारोतरावांच्या वावरात कापूस वेचत होती आणि इकडे तू टोपली डोक्यावर घेऊन डोहाकडे निघालास. ती आली तेव्हा कोनाडा रिकामा होता.

तुला देवी आल्या होत्या तेव्हाची गोष्ट तू शंभरदा ऐकली असशील, पण एकदा तिच्या जागी उभा राहून ऐक. गावच्या मारोतीच्या पायरीशीसुद्धा आपल्याला उभं राहू देत नव्हते. म्हणून ती तुला पाठीशी बांधून गढावर चढली. त्या पडक्या खोल्यांतून तिला हाकलायला कोणी नव्हतं. तिथंच मोहाच्या झाडाखाली तिला तो दगड सापडला. तू बरा झालास, दगड घरी आला, त्याला शेंदूर लागला, चांदीचे डोळे बसले आणि त्याची गढमाय झाली. "ज्यानं मले हाकललं नाही तो माहा देव," असं ती म्हणायची. आता तू तिला म्हणतोस, दगड तो दगडच. असेल. पण तुला माहीत आहे का, मैदानावर ती मंचावरच्या मूर्तीकडे टक लावून बघत होती आणि तुझी बाही ओढून काही सांगत होती? तू म्हणालास, "माय, आत्ता नाही."

तिला वेगळं दोन ओळींचं पत्र लिही. भाषण नको.

तुझी,
सत्यभामाताई

---

इंदोरा, नागपूर
६ जानेवारी १९५७

ती. ताईस, सप्रेम जय भीम.

महिनाभर पेन हातात धरवलं नाही. सहा डिसेंबरची बातमी कळली तेव्हा मी मालधक्क्यावर पावत्या लिहीत होतो. तसाच उठलो आणि मिळेल त्या गाडीनं मुंबईला गेलो. त्या गर्दीत मला कोणी ओळखीचं नव्हतं आणि सगळेच घरचे होते. बाबासाहेब गेले, ताई. आपण नुकतेच कुठे उभे राहिलो होतो.

तू मायबद्दल लिहिलंस ते खरं असेल. पण मी काय चूक केली? ज्यांनी आपल्याला माणसात आणलं त्यांचा शब्द अर्धा पाळायचा आणि अर्धा कोनाड्यात ठेवायचा, हे मला जमणार नाही. आज ती रागावली आहे, उद्या समजेल. भाऊजी गेल्यावर तू तिच्यापाशी राहिलीस म्हणून मला इथं निश्चिंत राहता येतं. तूच तिला समजाव.

आता एक वेगळी गोष्ट. वस्तीतल्या आमच्या अभ्यासवर्गाला इतिहासाचे एक प्राध्यापक येतात. बोलता बोलता मी त्यांना आपल्या गढाचं सांगितलं. हातभर लांब विटा, चौकाभोवती ओळीनं लहान खोल्या, खडकात कोरलेलं पाण्याचं टाकं. ते खुर्चीवरून उठलेच. म्हणाले, "डोंगरमाथ्यावर अशी रचना म्हणजे भिक्खूंचा विहार असू शकतो." ताई, आपण तिथं बोरं वेचायला जायचो! ज्या गावानं आपल्याला वेशीबाहेर ठेवलं, त्याच्याच डोक्यावर आपलं घर असलं तर?

वर जाऊन नीट बघून लिही. खोल्या कशा आहेत, कुठे कोरीव दगड आहे का, आणि मुख्य म्हणजे एखादी मूर्ती मिळते का.

तुझा,
पंजाब

---

पळसवाडी
३ मार्च १९५७

चि. पंजाब, जय भीम.

तुझ्या पत्रानं मी मायच्या पदरात तोंड घालून पुन्हा एकदा रडले. तिनं माझ्या पाठीवर हात फिरवला. मुंबईला तुझं काय झालं असेल, हे तिनं विचारलं नाही, पण मी ते वाचत होते तेव्हा ती उठून गेली नाही. दाराशी पाठ करून उभी होती.

जानेवारीतच एका रविवारी गढावर गेले. मारोतराव म्हणाले, "मास्तरीणबाई, एकट्या जाऊ नका, तथी अस्वल राह्यते." अस्वलाला मारोतरावांचा काय धाक असणार, पण आले सोबत. मायला मी बोलावलं नव्हतं, तीही खराटा घेऊन निघाली.

आता ऐक. माथ्यावर मोठा चौक आहे, त्यात टणटणी माजली आहे. तिन्ही बाजूंना खोल्यांच्या भिंती, कुठे गुडघाभर, कुठे कमरेइतक्या. एकेक खोली एवढी की एक माणूस झोपेल आणि दुसरा आला तर दोघांना बसून राहावं लागेल. उंबऱ्याचे दगड मधोमध झिजले आहेत. कोणाच्या पायांनी ते झिजले असतील याचा मी आजवर कधी विचारच केला नव्हता. टाक्यात या दिवसांतही पाणी आहे आणि ते गार आहे. लोक या जागेला पांडवांचा वाडा म्हणतात. विटा मात्र अर्ध्या गेल्या. मारोतरावांनी सरळ सांगितलं, त्यांच्या आज्यानं गाड्या भरभरून नेल्या आणि गोठा बांधला. मी विहाराचं सांगितलं तेव्हा ते मनापासून हसले. "म्हणजे माहे बैल इतके साल विहारात राह्यले म्हणा! म्हणून मारत नाही कोणाले."

मूर्ती कुठेही नाही. मोहाचं झाड आहे, त्याच्याखाली एक रिकामा खळगा आहे, एवढंच.

मायनं काय केलं सांगू? एक खोली झाडून स्वच्छ केली आणि आत जाऊन भिंतीला टेकून बसली. मी विचारलं, "माय, काय करून राह्यली?" म्हणाली, "अथी माणसं राह्यत होते. घाण चांगली नाही दिसत." आता ती दर पौर्णिमेला वर जाते आणि एकेक खोली झाडते. आणि रोज संध्याकाळी डोहाच्या काठावर बसून पाणी बघत राहते. त्यात काय बघते ते मला कळत नाही.

तुझी,
ताई

---

नागपूर
२० मार्च १९५७

ती. ताईस, जय भीम.

झिजलेल्या उंबऱ्यांचं तू लिहिलंस ते मी वर्गात वाचून दाखवलं. म्हातारी माणसं पुन्हा पुन्हा वाचायला सांगत होती. प्राध्यापक मे महिन्यात येतो म्हणाले. पण त्यांची एक अडचण आहे. नुसत्या विटा आणि खोल्या म्हणजे एखाद्या राजाची गढीही असू शकते, लोक तेच म्हणतील. मूर्ती किंवा दगडावरचं अक्षर मिळालं, तर मग कोणाला काही बोलता येणार नाही.

मायचं वाचून मात्र वाईट वाटलं. डोहावर बसते म्हणजे अजून त्या शेंदराच्या गोळ्यासाठीच झुरते आहे. दीक्षा घेतली, पण मन जुन्याच अंधश्रद्धेत अडकलं. तिकडे खऱ्या बुद्धाचं घर तिच्या डोक्यावर उभं आहे आणि ही पाण्यात दगड शोधते! तिला सांग, मूर्ती शोधायचीच असेल तर गढावर शोध.

प्राध्यापकांबरोबर मी येणार नाही. रजा नाही, आणि खरं सांगायचं तर मायच्या समोर बसून ती बोलत नाही हे मला सहन होणार नाही.

तुझा,
पंजाब

---

पळसवाडी
२ जून १९५७

चि. पंजाब,

तुझे प्राध्यापक येऊन गेले. भला माणूस आहे. उन्हात टोपी सांभाळत प्रत्येक खोलीत वाकून बघत होते. "नव्वद टक्के विहारच," म्हणाले, आणि उरलेल्या दहा टक्क्यांसाठी हळहळत गेले. मायच्या हातची भाकर त्यांनी मागून घेतली. तू मात्र आला नाहीस.

तुझा निरोप मी मायला सांगितला नाही. अंधश्रद्धा, अंधश्रद्धा! अरे, भिक्खूंच्या खोल्या इतक्या शतकांत कोणी झाडल्या नाहीत, त्या ही म्हातारी झाडते आणि तू नागपुरात बसून तिचं मन तपासतोस. माझं हे वाचून राग आला तर येऊ दे. राग आला की माणूस उठून येतो तरी.

ताई

---

पळसवाडी
१० एप्रिल १९६०

चि. पंजाब, जय भीम.

राग आला आणि तू आला नाहीस, असंही झालं. तीन वर्षं आपण एकमेकांना फक्त बरं आहे, बरं असशील एवढंच लिहीत राहिलो. आज मोठं पत्र आहे, बसून वाच.

मारोतरावांनी यंदा ऊस लावला आणि पाण्यासाठी डोहावर ऑइल इंजिन बसवलं. फाल्गुनापासून त्याची धडधड चालू आहे. पाणी इतकं खाली गेलं की पोहणारी पोरं आता डोहात चिखल खेळतात. माय काठावर नेमानं हजर असतेच. परवा इंजिन पाणी ओढेना. पाइपाच्या तोंडाशी गाळ बसला होता. मारोतरावांकडे कामाला असलेला तांड्यावरचा नेमसिंग गाळ काढायला आत उतरला आणि त्याच्या पायाला काहीतरी लागलं. त्यानं चाचपून पाहिलं आणि ओरडला, "रुखमामाय, तुही गढमाय सापडली वो!"

मी शाळेतून धावतच गेले. नेमसिंगनं दगड दोन्ही हातांनी वर काढला आणि तसाच थांबला. शेंदराचं कवच चांदीच्या डोळ्यांसकट पाण्यात गळून गेलं होतं. खपल्या उरल्या होत्या त्या त्याच्या अंगठ्यानं निघाल्या. तो म्हणतो, "ये बाई नाही न, बाप्या हाये!"

पंजाब, मांडी घातलेली आहे. हात मांडीवर, एकावर एक. डोळे मिटलेले. कान लांब, डोक्यावर कुरळे केस, नाकाचा शेंडा थोडा उडालेला. मी शाळेत रोज ज्या तसबिरीसमोर उभी राहते, तोच. तीस वर्षं आपल्या कोनाड्यात होता आणि आपण त्याला लुगड्याचा तुकडा नेसवत होतो.

माय कमरेइतक्या गाळात उतरली. त्याला घेतलं, पदरानं तोंड पुसलं. आणि हसली. मी तिला असं हसताना कितीतरी वर्षांत बघितलं नव्हतं. मला वाटलं, तिला धक्का बसेल, ज्याला ती माय म्हणत आली तो निघाला कोण! पण तिला काहीच नवल वाटलं नाही. घरी येताना फक्त एवढं म्हणाली, "त्याले लिही. सापडला म्हणा." त्याले म्हणाली. नाव घेतलं नाही, पण इतक्या वर्षांत एवढंही कधी म्हणाली नव्हती.

प्राध्यापकांना तूच कळव. त्यांचे दहा टक्के मिळाले.

तुझी,
ताई

---

नागपूर
१९ एप्रिल १९६०

ताई,

प्राध्यापकांना कळवलं. ते आनंदानं रडले. मी रडलो ते वेगळ्या कारणानं.

टोपली डोहात उलटी केली तेव्हा मी हसत होतो, हे तुला माहीत नाही. काठावर उभ्या असलेल्या पोरांना म्हणालो, "बघा, तुमचा देव तरंगतो का." तो बुद्ध होता. सगळ्या जगाला मी सांगत फिरलो की आपल्याला त्याचं घर सापडलं, मूर्ती तेवढी हवी. आणि मूर्ती मीच पाण्यात फेकून आलो होतो. मायला मी अडाणी समजलो.

दर रविवारी वस्तीत वंदना मी सांगतो. गेल्या रविवारी माझी जीभ उचलली नाही. ते काम मी दुसऱ्याकडे दिलं आहे. वैशाखी पौर्णिमेला तुम्ही गढावर काही करणार असाल तर करा, मी येणार नाही. कोणत्या तोंडानं येऊ? मायनं माझ्याशी बोलू नये असंच मी वागलो. तिला सांग, ती बरोबर होती.

पंजाब

---

पळसवाडी
२ मे १९६०

पंजाब,

सत्यभामा लिहून राह्यली, बोलून मी राह्यली. मधात ती आपलं शहाणपण घुसडन तं मले समजत नाही, तू समजून घेजो.

तुहं पत्र तिनं वाचलं. या खेपेले मी शेण गोळा कराले गेली नाही. तू लिहितं का म्या बुद्धाले पाण्यात फेकलं, मले तोंड नाही. अरे लेका, तू कोणाले फेकलं ते मले पह्यल्या दिवसापासून माहीत आहे.

गढावर तो मले सापडला तवा त्याले शेंदूर नव्हता. उघडा होता. असाच बसेल होता, डोये मिटून. तू माह्या पाठीवर तापानं फणफणत होता आन् हा निवांत. मले वाटलं, एवढ्या पडक्यात एकटा बसून ज्याले घोर नाही, त्याच्यापाशी आपलं पोट्टं ठेवून पाहू. घरी आणला तं बाया म्हणे, देव आहे न, शेंदूर लाव, नाही तं कोपते. लावला. दर अमावशेले लावत गेली. लावता लावता त्याचं तोंड बुजलं आन् तो माय झाला. मंग मीबी इसरली.

नागपूरले मंचावरची मूर्ती पाह्यली आन् मले घामच फुटला. हा तं आपल्या घरचा! म्हणून तुही बाही ओढली. तू म्हणला, माय, आत्ता नाही. म्हणलं ठीक, वेचणी सरू दे, तेल लावून शेंदूर काढू आन् पोराले दाखवू, खुश होईन. वेचणी सराच्या आंदी कोनाडा रिकामा झाला.

मंग काहून नाही बोलली? राग होता. खोटं कायले सांगू? इचारलं नाही याचा राग होता. पण राग थोड्या दिसाचा. मंग बाबासाहेब गेले, आन् तू त्या दुखात बुडाला. मले वाटलं, मी बोलली तं हेच निघन तोंडातून, मले दुसरं काही बोलताच येत नाही. आन् हे ऐकून माहं पोरगं उभं राह्यन का? म्हणून तोंड मिटून घेतलं. म्हणलं, आंदी त्याले डोहातून काढू, मंग बोलू. मारोतरावाले वाटते का इंजिन त्याच्या अकलेनं बसलं. त्याच्या डोक्यात म्या घातलं, डोहावरच बसवा म्हणून. तू त्याले सांगजो नको.

आता आइक. म्या तीस वर्सं त्याच्या तोंडावर शेंदूर थापला. तू त्याले न्हाऊ घातलं. माह्या हातानं तो शेंदूर कधी निघाला नसता, मले भेव वाटलं असतं. तुह्यानं निघाला. तुहं चुकलं ते एवढंच का मले इचारलं नाही. ते आता इचारजो.

येत्या पुनवेले त्याले गढावर बसवाचा आहे. मारोतरावानं गोठ्याच्या भिंतीतून इटा काढून देल्या, बैल उघडे पडले तरी चालन म्हणे. मोहाच्या झाडाखाली ओटा झाला. तुहे मास्तर येऊन राह्यले. मूर्ती उचलाले सारं गाव तयार आहे, नेमसिंग तं हट्टालेच पेटला. मी कोणाले हात लावू देत नाही. ज्यानं उतरवला त्यानं चढवाव. टोपली तीच आहे, म्या जपून ठेवली. डोक्यावर घेजो आन् वंदनाबी तूच सांगजो. मले ते शब्द अजून नीट येत नाही, तुह्या मांगं म्हणीन.

रजा नाही म्हणून सांगू नको.

तुही माय

(ताजा कलम. हे सगळं ती बोलली तसंच लिहिलं आहे, माझं शहाणपण कुठेही घुसडलेलं नाही. वाचून दाखवल्यावर तिनं विचारलं, "अंगठा कुठी लावू?" मी म्हटलं, खाली, तुझं नाव आहे तिथं. ती म्हणाली, "आन् पंजाबचं नाव कुठी हाये?" मी वर बोट ठेवलं. शाळेचं शाईचं पॅड घरी नव्हतं. ती उठली, कोनाड्यातून जुनी शेंदराची डबी काढली, तळाशी थोडा शेंदूर उरला होता त्यात तेलाचा थेंब टाकला आणि अंगठा तुझ्या नावावरच दाबला. पत्राच्या डोक्यावर शेंदरी डाग दिसतो आहे तो त्याचा. डागाखालचं नाव वाचता आलं नाही तरी ते तुझंच आहे. डबी तिनं घासून चुलीपाशी मिठाला ठेवली आहे. — ताई)